डाव्या खांद्याचा पट्टा

हिरवी फीत तुम्ही बांधलीत.

वाऱ्यानं नाही बांधली, नशिबानं नाही, टेकडीवरच्या गवतानंही नाही. तुम्ही बांधलीत, टेकडी समितीच्या कारभाऱ्यांनो, दर रविवारी सकाळी गळ्यात शिट्टी अडकवून रांगेच्या तोंडाशी उभे राहणाऱ्यांनो. फितीचा अर्थ तुमच्याच पाटीवर लिहिलाय: हिरवी फीत म्हणजे सामान तपासलंय, खुशाल उडा. अठ्ठावन्न वर्षांच्या एका बाईनं ती पाटी खरी मानली. तिच्या डाव्या खांद्याचा पट्टा जमिनीपासून दोन मजले उंचीवर फाटला. पॅराग्लायडरचा पंख एका अंगाला कलंडला, ती गरगरत खाली आली आणि नांगरलेल्या शेतात कुशीवर आदळली. आणि तिला भुलीतून नीट जाग यायच्या आत तुम्ही चौकाचौकात सांगत सुटलात, की म्हाताऱ्या माणसांना नसते शौक सुचले की हे असंच व्हायचं.

नसते शौक. बरं. नसते तर नसते. मग त्याच नसत्या शौकाच्या दारात शिट्टी घालून उभं राहायची हौस तुम्हाला कशाला?

या घराचंही चुकलं. ते मी लपवणार नाही, या गोष्टीत दुसरं काही नाहीच. पण आधी तुमच्याकडे बोट दाखवलं, कारण तिकडे कुणी दाखवत नाही.

रविवारी कारखाना बंद असतो. अपघातानंतरच्या त्या रविवारी दुपारी मात्र शटर अर्धं वर होतं आणि आत घरची मंडळी जमली होती, कारण आत्याला बसवायला घरात जागाच नव्हती. मांडीत सळई, घोट्याला प्लास्टर. साध्या खुर्चीत तिला टेकता येईना आणि पलंगावर पडून राहायला ती तयार होईना. शेवटी पुतणीनं तोडगा काढला. एका दातांच्या डॉक्टरची खुर्ची नवं रेक्झिन चढवायला कारखान्यात आली होती. कळ दाबली की पाठ मागं जाते, पाय वर येतात. आत्या तिच्यात बसली ती उठेचना. डॉक्टरचे दोन निरोप येऊन गेले.

"त्यांना म्हणावं, पेशंट अजून खुर्चीत आहे," आत्या म्हणाली. "दुखणं दातांचं नाही, एवढंच."

गादीकाम आणि सीटकव्हरं हा या घराचा धंदा. सोफे, बसच्या सीटा, दवाखान्याच्या स्ट्रेचरचे पट्टे, सगळं इथं शिवलं जातं. खोलीभर रबराच्या सोल्युशनचा वास, कोपऱ्यात फोमच्या तुकड्यांचा ढीग, मधोमध कापायचं लांब टेबल. या घरात जन्माला आला त्याला सुई आली. अपवाद आत्याचा. तिला साधं बटण लावता येत नव्हतं. तिनं आयुष्यभर कारखान्याचा टेम्पो चालवला, लग्नही त्या टेम्पोशीच केलं असं वहिनी म्हणायच्या, आणि पन्नाशी उलटल्यावर एक दिवस टेकडीखाली सोफा पोचवायला गेली ती वर बघत उभी राहिली. पुढच्या रविवारी ती पाठीवर कापडी पंखाचं ओझं घेऊन टेकडीवरून पळत सुटली आणि कड्यापाशी न थांबता वाऱ्यात शिरली. तेव्हापासून सोमवार ते शनिवार टेम्पो आणि रविवारी आभाळ.

वहिनी तिच्यासमोर सुपाची वाटी घेऊन स्टुलावर बसल्या होत्या. थोरल्या भावाची ही बायको चाळीस वर्षं या नणंदेशी भांडत आली होती आणि चाळीस वर्षं पहिली वाढ तिच्याच डब्यात घालत आली होती.

"वन्सं, आता तरी म्हणा एकदा, की पुरे झालं."

"सूप? हो, पुरे."

"सूप नाही. ते वरचं. ते फडफडणं."

"फडफडतं ते कापड, वहिनी. मी गप्प बसलेली असते. आयुष्यात तेवढाच वेळ गप्प असते, विचारा कुणालाही."

"हसू नका. रात्री झोपेत मी तुम्हाला पडताना बघते. रोज."

आत्यानं वाटी त्यांच्या हातातून घेतली आणि बाजूला ठेवली. "मग मला उतरवायचं ना अलगद. तुमच्याच स्वप्नात आहे मी, तिथं तरी तुमचं ऐकेन."

टेबलाच्या दुसऱ्या टोकाला थोरला एका स्टुलावर कापड ताणून बसवत होता. ओठांत बारीक खिळ्यांची रांग. जिभेनं एक पुढं ढकलायचा, हातोडीच्या टोकावर घ्यायचा, ठोकायचा. तोंडात खिळे असले की आपल्याशी कुणी बोलत नाही, हे त्याला फार लवकर कळलं होतं. अपघातानंतर त्यानं स्टुलांची एक अख्खी ऑर्डर एकट्यानं संपवत आणली होती.

शटरखालून वाकून धाकटा भाऊ आत आला. येताना केळी, संत्री आणि एक उशी. उशी दुकानातली, तयार. धाकट्यानं भावाशी भांडून कारखाना सोडला आणि बाजारपेठेत तयार सोफ्यांचं शोरूम काढलं होतं. थोरल्याच्या लेखी ती घरफोडी. घरफोड्यानं आणलेली उशी थोरल्यानं दुरूनच पाहिली.

"भुसा भरलाय का त्यात?" खिळ्यांमधून तो म्हणाला.

"मेमरी फोम आहे, दादा."

"आमच्या फोमला विसरायची सवय आहे वाटतं."

पुतणी हसली. थोरल्याची ही मुलगी आता कारखाना चालवत होती. नव्या मशीन तिनंच आणल्या, त्यावरूनही बापलेकीत धुसफूस होती. आत्याच्या उडण्याच्या बाजूनं घरात उघडपणे बोलणारी ती एकटीच. काकाही बोलायचा, पण तो दादाच्या विरुद्ध जी कुठली बाजू असेल तिच्या बाजूनं बोलायचा. त्याचा भरवसा धरता येत नसे.

"ताई, तू काळजी करू नको," धाकटा म्हणाला. "हाड जुळलं की परत वर. तुला काय कुणाच्या बापाची भीती आहे?"

थोरल्यानं खिळे तळहातावर थुंकले.

"आहे," तो म्हणाला. "आपल्याच बापाची."

धाकटा संत्रं सोलायला लागला. बापाचं, आबांचं नाव निघालं की या घरात प्रत्येकाला काही काम आठवतं. जुन्या दगडखाणीत पाणी साठलेलं होतं आणि आबा वरच्या कपारीवरून त्यात उड्या घेत. पैज नव्हती, काही नव्हतं. हौस. थोरला तेव्हा बारा वर्षांचा. बापाचा शर्ट आणि घड्याळ हातात धरून काठावर उभं राहणं हे त्याचं काम. एका उन्हाळ्यात पाणी किती खाली गेलंय हे कुणी पाहिलं नाही. थोरला शर्ट धरून वाट पाहत राहिला. घड्याळ चालूच होतं.

भिंगरी त्या वेळी चार वर्षांची. भिंगरी म्हणजे हीच, दंतवैद्याच्या खुर्चीतली आत्या. हे नाव तिला आबांनी दिलं होतं आणि आता ते फक्त थोरल्याच्या तोंडी उरलं होतं.

"भिंगरे," तो म्हणाला, "मी तुला उडू नको म्हणत नाही..."

"म्हणतोस की. सात वर्षं रोज म्हणतोस."

"बरं, म्हणतो."

"आणि मी सात वर्षं म्हणते, एकदा टेकडीवर ये आणि बघ. आलास?"

थोरल्यानं खिळे परत तोंडात घातले.

चारच्या सुमारास अध्यक्ष आले. टेकडी समितीचे अध्यक्ष म्हणजे एरवी मोटर ड्रायव्हिंग स्कूलचे मालक. निम्म्या गावाला गाडी त्यांनीच शिकवली होती, आत्यालाही. शिकाऊ माणसाच्या शेजारी बसून उमेदीची वर्षं गेलेली, त्यामुळं एक सवय जडली होती: कुठंही अडचणीचं बोलणं निघालं की त्यांचा उजवा पाय आपोआप जमिनीवर दाबला जायचा. त्यांच्या गाडीत त्यांच्या पायाखालीही ब्रेक असतो. बाकी जगात नसतो.

त्यांच्या हातात एक पोतं होतं.

"कसं काय आत्या, बरं आहे ना? झकास खुर्ची आहे," ते म्हणाले. आणि मग सगळ्यांकडे बघून, "आज संध्याकाळी समितीची बैठक आहे. त्याआधी म्हटलं घरगुती पातळीवर बोलून घ्यावं. बाहेर चर्चा नको."

"चर्चा तर तुम्हीच सुरू केलीत, सर," पुतणी म्हणाली. "पेट्रोल पंपावर ऐकली मी."

अध्यक्षांचा पाय दाबला गेला. "लोक बोलतात. आपण कामाचं बोलू." त्यांनी पोतं टेबलावर उलटं केलं.

आत्याचं हार्नेस बाहेर पडलं. खोगिरासारखी ती बैठक, कमरेचे पट्टे, मांड्यांचे पट्टे, आणि डाव्या खांद्याचा पट्टा, ज्याचे आता दोन भाग होते. काळ्या मातीचं एक ढेकूळ टेबलावर घरंगळलं. अध्यक्षांनी फाटलेलं टोक बोटानं सरळ केलं. टोक कसं होतं? पावतीपुस्तकातली पावती भोकांच्या रेषेवर फाडतात ना, तसं. एकसारखं, दातेरी.

"ही शिलाई कंपनीची नाही," अध्यक्ष म्हणाले. "मागाहून घातलेली आहे. ओळींवर ओळी. माझा एवढाच प्रश्न आहे, ही कुणी घातली?"

या घरात शिलाई म्हणजे चेहरा. अंधारात हात फिरवूनही सांगता येतं की टाका कुणाचा. टेबलाभोवती उभ्या असलेल्या प्रत्येकानं त्या पट्ट्याकडे बघितलं, आपली ओळ ओळखली, आणि मग बाकीच्या ओळखल्या. ते एका दमातच झालं.

वहिनींना आधी नवऱ्याची दिसली. शेवटाला तीन उलटे टाके मारून थांबणारी, त्याच्यासारखीच हट्टी. आणि तिच्याजवळच त्यांची स्वतःची, मेणदोऱ्याची, हाताची. पट्टा आठवडाभर कारखान्याच्या दारामागं खुंटीला टांगलेला असायचा. एका दुपारी सगळे जेवायला गेलेले असताना त्यांनी तो मांडीवर घेतला होता. नवऱ्याची ओळ तेव्हाच तिथं होती. मशीनचा दोरा, त्यांना वाटलं, मशीनच्या दोऱ्याचा काय नेम. एक हाताची असू द्यावी. प्रत्येक टाका ओढताना त्या मनात म्हणाल्या होत्या, धरून ठेव, धरून ठेव.

धाकट्यानं दोघांच्याही मध्ये आपली ओळ पाहिली, लांब टाक्यांची, घाईची. दादा गावाला गेला होता त्या दिवशी तो जुन्या किल्लीनं कारखान्यात शिरला होता. उशी मागायला आलो होतो, असं कुणी विचारलं तर सांगायचं ठरवलं होतं. दादाची शिलाई बघून त्याच्या मनात आलं होतं, म्हाताऱ्याचा हात आता हलतो. हा विचार त्याला गोडही लागला होता. 

पुतणीची ओळ सगळ्यांत सुंदर. नव्या मशीनची, तिळाएवढे टाके, दाट. तिनं पट्टा हातात घेतला तेव्हा त्यावर तीन माणसं आधीच होती. आणि तिला माहीत होतं. इथं कामाला येणाऱ्या प्रत्येकाला पहिल्याच दिवशी तिचा बाप एक चामड्याची पट्टी देतो, दाट शिवलेली, आणि म्हणतो ओढ. पट्टी टाक्यांच्या रेषेवर फाटते. सुई जोडते त्याआधी भोक पाडते, हे तिला चालायला लागल्यापासून पाठ होतं. तरी तिनं मशीनखाली पट्टा सरकवला, कारण घरातल्या तिघांनी शिवलंय आणि आत्याची बाजू घेणाऱ्या आपण तेवढ्या कोरड्या राहिलो, हे तिला सहन झालं नाही. एका ओळीनं काय होतंय.

एका ओळीनं काहीच झालं नसतं.

थोरला टेबलाच्या टोकाला होता तिथंच उभा राहिला. त्याच्या तोंडात खिळे होते.

अध्यक्षांनी घसा साफ केला. "हे बघा. दोन मार्ग आहेत. कारखान्यानं शिवलं असं ठरलं, तर समितीला ते जाहीर करावं लागेल. दवाखान्याच्या स्ट्रेचरचे पट्टे तुम्हीच शिवता. उद्या लोक विचारणार, ते कसे शिवलेत? मला ते नकोय. तुमच्या तीन पिढ्यांचं नाव आहे." मग ते खुर्चीकडे वळले. "आणि दुसरा मार्ग असा, की आत्यांनी स्वतःच घरी बसून काहीतरी केलं. उडणाऱ्यानं स्वतः सामानात फेरफार केला. त्याला नियम आहे. कायमची बंदी. टेकडी तुम्हाला बंद, विषय संपला. कारखान्याचा कुठं उल्लेखही नाही."

"म्हणजे समितीचाही नाही," पुतणी म्हणाली.

"समितीचा संबंध काय?"

थोरला ऐकत होता. गेली सात वर्षं जे त्याला हवं होतं ते हा माणूस पोत्यातून काढून टेबलावर ठेवत होता. काही करायचं नाही. फक्त गप्प बसायचं, आणि त्याला गप्प बसता येतं. भिंगरी जमिनीवर राहील. रविवारी घरात राहील. म्हातारी होईल. त्यानं बहिणीकडे पाहिलं. ती छताकडे बघत होती. कारखान्याच्या छताला एक काच आहे, तिच्यातून हाताएवढं आभाळ दिसतं.

"लिहा," आत्या म्हणाली. "मीच शिवलं."

अध्यक्षांनी खिशातून पेन काढलं.

"मी एकटीनं. घरात कुणाला माहीत नव्हतं. झालं?"

अध्यक्षांनी सुस्कारा सोडला, आणि तेवढ्यात वहिनी हसल्या. नाकातून, एकदाच. लगेच पदर तोंडाला लावला, पण हसू थांबेना.

"तुम्ही? वन्सं, तुम्ही शिवलंत?"

"वहिनी, गप्प बसा."

"उशीच्या अभ्र्याला गाठ मारून देता तुम्ही. टेम्पोच्या सीटला चिकटपट्टी लावता. सबंध गल्लीला माहीत आहे." हसता हसता त्यांचे डोळे भरले. त्या उठल्या, टेबलाशी आल्या आणि मेणदोऱ्याच्या ओळीवर त्यांनी बोट ठेवलं. "ही माझी. असला टाका या गावात दुसरं कुणी घालत असेल तर आणा त्याला इथं. चाळीस वर्षं बसून कमावलाय हात. तो मी हिच्या नावावर का जाऊ देऊ?"

"वहिनी!"

"ओरडू नका, सळई हलेल."

पुतणी पुढं झाली. "ही माझी," ती म्हणाली. आवाज नीट निघाला नाही, म्हणून परत म्हणाली. "ही बारीक, ही माझी आहे. सगळ्यांत शेवटची. सगळ्यांत जास्त भोकं माझीच आहेत."

अध्यक्ष एकीकडून दुसरीकडे बघत होते. "अहो, पण... एका माणसाचं नाव पुरे आहे मला."

"एकाचं देता येत नाही ना, साहेब," धाकटा म्हणाला. तो घामाघूम झाला होता. "मधली माझी आहे."

थोरल्याचं डोकं झटकन वर आलं. "तुझी? तू कधी आलास?"

"तू गावाला होतास."

"किल्ली?"

"जुनी. कधी परत केली नव्हती मी. तूही कधी मागितली नाहीस."

 दोघा भावांच्या मध्ये टेबल होतं. थोरल्यानं हात तोंडाशी नेला आणि एकेक खिळा काढून टेबलावर ठेवला, सगळे संपेपर्यंत.

"टाका अजून ढिलाच घालतोस," तो म्हणाला.

"आणि तू अजून तीन उलटे."

"पहिली माझी," थोरला अध्यक्षांना म्हणाला. "ती नसती तर बाकीच्या नसत्या. माझी बघून यांनी घातल्या. समितीत तेवढं सांगा. कारखाना बुडाला तर बुडाला."

"नाही बुडणार," पुतणी म्हणाली. "दवाखान्यात मी आजच जाते. सगळे पट्टे परत मागवते, त्यांच्या माणसापुढं ओढून दाखवते. आपण सांगू, आपणच. यांनी सांगायच्या आधी."

"अगं, पण—" अध्यक्ष म्हणाले. पाय जमिनीत रुतायला आला होता.

आत्यानं कळ दाबली. खुर्चीची पाठ घरघरत सरळ झाली आणि ती सगळ्यांच्या नजरेच्या उंचीला आली.

"मला माहीत होतं," ती म्हणाली.

"काय माहीत होतं?" वहिनींनी विचारलं.

"सगळ्याच ओळी. तुम्हाला काय वाटतं, शिवता येत नाही म्हणून मला ओळखताही येत नाही? मी याच फोमच्या ढिगात लोळत वाढले. दर रविवारी पट्टा खांद्यावर घेताना बोट फिरायचं. आधी दादा. मग एक दिवस तुम्ही. मग हा, तेव्हा मला हसूच आलं, म्हटलं चोरून का होईना कारखान्यात आला. मग ही पोरगी." ती थांबली. "दाट शिवलेलं फाटतं हे मलाही ठाऊक आहे. मीही ती चामड्याची पट्टी ओढलीय. उसवून घ्यायला हवं होतं. पण कुणाची उसवू? तुमच्यातलं कुणाचं काढून टाकू? वर असताना मला वाटायचं, सगळं घर बरोबर आहे. असा बावळटपणा. अठ्ठावन्नाव्या वर्षी."

वहिनी तिच्या प्लास्टरवर हात ठेवून उभ्या होत्या. तो हात त्यांनी काढला नाही.

"मग आता?" थोरला म्हणाला.

"आता काय, सांग की. उडू नको म्हण."

"म्हणणारच. मरेपर्यंत म्हणणार." थोरल्यानं फाटकं टोक उचललं, त्यावर अंगठा फिरवला आणि खाली ठेवलं. "पण तोंडानं म्हणेन. सुईनं नाही. आणि तुला जायचंच असेल तर नवीन पट्टा कंपनीचा येईल. या घरातलं कुणी त्याला हात लावणार नाही. टेकडीवर मी येईन. बघायला."

"शर्ट धरून?"

"तुझं ते जाकीट धरून. घड्याळ तुझं तू ठेव."

ती हसली आणि तिनं पटकन डोळे पुसले. मग तिनं खुर्ची अध्यक्षांच्या बाजूला वळवायला सांगितली. धाकटा आणि थोरला दोघंही एकदम पुढं झाले, दोघांनी मिळून ती वळवली.

"सर," आत्या म्हणाली, "तुम्ही मला गाडीची परीक्षा पास केलीत तेव्हा मी रिव्हर्स घेतलाच नव्हता. आठवतं? तुम्ही म्हणालात, जमेल हळूहळू. जमलं. दोन खांब पाडून जमलं."

"ती गोष्ट वेगळी, आत्या."

"त्या दिवशी टेकडीवर तुम्ही माझ्यासमोर उभे होतात. हा पट्टा तुमच्या छातीएवढ्या उंचीवर होता. त्यावर चार ओळी होत्या, चार रंगांच्या दोऱ्यांच्या. तुम्ही त्याच पट्ट्याला हिरवी फीत बांधलीत. वरच्या ओळीला लागूनच गाठ मारलीत."

अध्यक्षांचा पाय दाबला गेला, परत दाबला गेला. "मी पाहिलं होतं. नाही असं नाही. पण म्हटलं तुमच्या घरची शिलाई आहे. त्यात काय बघायचं? तुमच्या घराच्या कामावर विश्वास ठेवला, हा माझा गुन्हा झाला का?"

"आमच्यावर विश्वास ठेवायला आम्ही होतो," आत्या म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता, पण वहिनींनी आपोआप सुपाची वाटी लांब सरकवली. "आम्ही पाच जण एकमेकांच्या मायेत आंधळे झालो. दादाला आबा दिसत होते, वहिनींना स्वप्नं, याला दादा, हिला मी. मला हे सगळे दिसत होते. पट्टा कुणालाच दिसत नव्हता. आमचं चुकलं, ते आम्ही समितीत येऊन सांगू, मी या खुर्चीसकट येईन. माझ्यावर बंदी घालायची तर घाला, मी ऐकेन. पण तुम्ही आमचे कुणी नव्हता, सर. ना भाऊ, ना भावजय. तुम्हाला तिथं उभं केलं होतं ते एवढ्याचसाठी, की घरच्यांना जे दिसत नाही ते परक्याला दिसावं. तेवढंच काम होतं. शिट्टी त्यासाठी होती."

"आत्या, आपण बैठकीत—"

"बैठक नंतर. त्या सकाळी रांगेत माझ्या मागं माणसं होती. एक नवरा-बायको होते, पहिल्यांदाच आलेले. ती हसत होती, त्याला घाम फुटला होता. त्यांच्या मागं कॉलेजातली पोरं. सगळ्यांना हिरव्या फिती होत्या. त्यांच्या घरी कुणी शिवणारं होतं की नव्हतं, मला माहीत नाही. ते सुखरूप उतरले, म्हणून कुणी विचारलं नाही. मी विचारते."

ती खुर्चीत पुढं झुकली. सळई दुखली असणार, तोंडावर दिसलं.

"त्यातल्या किती फिती तुम्ही बघून बांधल्यात? ब्रेक इथं नाहीये, सर. पाय उचला आणि सांगा. किती?"